नागपुरातून फिल्म एडिटिंगकडे: पहिल्या हार्ड डिस्कपासून पहिल्या बिलापर्यंत

एडिटिंग शिकायचं ठरलं की नागपुरातली पोरं आधी सॉफ्टवेअरचा क्लास शोधतात. तीन महिने कोर्स, शेवटी सर्टिफिकेट, आणि मग प्रश्न पडतो की आता काम कुठं मिळणार. सॉफ्टवेअर महिन्याभरात हाताला बसतं, त्यात फार काही नाही. एडिटरला काम मिळतं ते दोन गोष्टींवर. एक, फुटेज न हरवता आणि न गोंधळता सांभाळता येणं. दुसरी, कापायचं कुठं हे कळणं. दुसरीला वर्षं लागतात. पहिली मात्र सहा महिन्यांत अंगवळणी पडते, आणि मुंबईत एडिटरच्या हाताखाली उभं राहायला मिळतं ते तिच्याच जोरावर. क्लासमध्ये नेमकी तीच शिकवत नाहीत, म्हणून इथं तिला जास्त जागा दिली आहे.

आधी कामाच्या पायऱ्या समजून घ्या

मोठ्या फिल्मवर एडिटर एकटा नसतो. शूटिंगच्या जागी कॅमेऱ्याची कार्डं उतरवून घेणारा वेगळा. एडिट रूममध्ये असिस्टंट एडिटर: तो फुटेज तपासतो, हलक्या फाइली करतो, आवाज जुळवतो, सीननुसार लावून देतो, आणि शेवटी साउंड, रंग आणि व्हीएफएक्सवाल्यांना लागेल ते बांधून पाठवतो. त्याच्या वर असोसिएट, जो सीनची पहिली जोडणी करतो. मग एडिटर, जो दिग्दर्शकाबरोबर बसून फिल्म घडवतो.

नागपुरात ही चारही कामं एकाच माणसाला करावी लागतात. ती नीट केली तर इथल्या एका शॉर्टफिल्ममध्ये जेवढं शिकता येतं, तेवढं मुंबईत पहिल्या वर्षी एकाच टेबलावर बसून शिकायला मिळत नाही.

मशीन, आणि मे महिना

नवीन मशीन घेत असाल तर ३२ जीबी रॅम, ८ जीबीचं ग्राफिक्स कार्ड, सिस्टिमसाठी एक एसएसडी आणि कॅशसाठी (सॉफ्टवेअरच्या तात्पुरत्या फाइलींसाठी) दुसरी १ टीबीची वेगवान एनव्हीएमई एसएसडी, एवढ्यावर शॉर्टफिल्म आणि डॉक्युमेंटरी आरामात होते. प्रोसेसर निवडताना एक गोष्ट बघा. हल्लीचे सोनी, कॅनन कॅमेरे एच.२६५ या घट्ट दाबलेल्या प्रकारात १०-बिट ४:२:२ (रंगाची जास्त माहिती असलेलं) फुटेज देतात. हे उलगडायला इंटेलच्या ११व्या पिढीपासूनच्या प्रोसेसरमधलं आतलं ग्राफिक्स मदत करतं. एनव्हिडियाची ५० मालिकेआधीची कार्डं या विशिष्ट प्रकारात मदत करत नाहीत. त्यामुळे महागडं कार्ड घेऊनही टाइमलाइन अडखळते आणि माणूस दुकानदाराशी भांडत बसतो. इंटेल घेताना मॉडेलच्या शेवटी ‘एफ’ अक्षर असेल तर त्यात आतलं ग्राफिक्स नसतं, तो घेऊ नका.

सॉफ्टवेअर म्हणून दाविंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती सुरुवातीला पुरते. ती अल्ट्रा एचडीपर्यंत आणि ६० फ्रेमपर्यंत काम करू देते. प्रीमियर प्रो दरमहा भाड्यानं घ्यावं लागतं, पण इथली लग्नाची आणि यूट्यूबची बरीच कामं त्यावरच चालतात, म्हणून तेही यायला हवं. मुंबईत फीचर फिल्मच्या एडिट रूममध्ये अ‍ॅव्हिड मीडिया कंपोझर अजून भक्कम आहे. तिन्ही येण्याची गरज नाही. एक पक्कं, दुसरं कामापुरतं.

आता उन्हाळा. नागपुरात पारा ४५ च्या वर जातो तेव्हा बंद खोलीतलं मशीन तापतं. प्रोसेसर ९५–१०० अंशांना पोहोचला की स्वतःचा वेग कमी करून घेतो, आणि दीड तासाचं एक्स्पोर्ट तीन तास चालतं. लांब रेंडर रात्री किंवा पहाटे लावा. डेझर्ट कूलरच्या झोतात कॅबिनेट ठेवू नका: दमट हवा आणि तिच्यासोबत आलेली धूळ पंख्यांत आणि हीटसिंकवर चिकटून थर बनतो. हंगाम सुरू व्हायच्या आधी ब्लोअरनं मशीन साफ करा. कूलरचा दुसरा त्रास लवकर लक्षात येत नाही. तो चालू असताना डायलॉगमागची घरघर तुम्हाला ऐकूच येत नाही, कारण खोलीतही तीच घरघर आहे. आवाजाचं काम करताना कूलर बंद, कानाला पूर्ण झाकणारा हेडफोन, आणि घाम पुसायला पंचा.

मान्सूनपूर्व वादळात लाइट जाते ती हमखास एक्स्पोर्टच्या वेळी. १ केव्हीएचा यूपीएस साधारण ६०० वॉटचा भार उचलतो आणि काम जतन करून मशीन बंद करण्याइतका वेळ देतो. तेवढाच त्याचा उपयोग, त्यावर एडिटिंग चालू ठेवू नका. रिझॉल्व्हमध्ये लाइव्ह सेव्ह आणि प्रोजेक्ट बॅकअप ही दोन्ही बटणं चालू आहेत का ते पहिल्याच दिवशी बघा, आणि बॅकअप दुसऱ्या ड्राइव्हवर जाऊ द्या.

फुटेज उतरवणं

आधी हिशेब करा. कॅमेरा १०० एमबीपीएसवर (सेकंदाला १०० मेगाबिट) रेकॉर्ड करत असेल तर तासाला ४५ जीबी होतात. तीन कॅमेरे, पाच-पाच तास, म्हणजे ६७५ जीबी. त्याच्या दोन प्रती म्हणजे सव्वा टीबीच्या वर. हा आकडा काम घेतानाच सांगा, ड्राइव्ह कोण आणणार तेही तेव्हाच ठरवा.

कॉपी करताना कार्डावरचं पूर्ण फोल्डर जसंच्या तसं उचलायचं. फक्त व्हिडिओ फाइली वेचून घेतल्या तर काही कॅमेऱ्यांची टाइमकोडची (प्रत्येक फ्रेमवरच्या वेळेच्या आकड्याची) माहिती मागे राहते आणि लांब क्लिपचे तुकडे जुळत नाहीत. साध्या कॉपी-पेस्टवरही भरवसा ठेवू नका. रिझॉल्व्हच्या मीडिया पानावर क्लोन टूल आहे, ते मूळ फाइल आणि प्रत यांची चेकसम पडताळणी करून, म्हणजे दोन्हींतून काढलेला आकडा सारखा येतो का ते बघून, सांगतं. फुकट आवृत्तीतही ते चालतं. दोन वेगळ्या ड्राइव्हवर प्रत झाली, दोन्हीतल्या चार-पाच क्लिपा सुरुवात, मध्य आणि शेवट अशा उघडून बघितल्या, की मग कार्ड रिकामं करायला द्यायचं. त्याआधी कॅमेरामन कितीही घाई करो, द्यायचं नाही. तिसरी प्रत शक्यतो दुसऱ्या घरी, दुसऱ्या माणसाकडे.

मॅक आणि विंडोज दोन्हीकडे चालावा म्हणून ड्राइव्ह एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करतात. तो ‘इजेक्ट’ न करता ओढून काढला की फोल्डरची यादी बिघडण्याचा धोका जास्त असतो.

फोल्डरची रचना प्रत्येक कामाला एकच ठेवा: फुटेज (त्यात दिवस, त्यात कॅमेरा, त्यात कार्ड), ऑडिओ, संगीत, ग्राफिक्स, प्रोजेक्ट, एक्स्पोर्ट. फाइलींची नावं रोमन लिपीत द्या, मध्ये जागा न सोडता अंडरस्कोर घाला. देवनागरी नावं आपल्या मशीनवर छान दिसतात, पण पुढं रंगाच्या किंवा साउंडच्या सिस्टिमवर त्यांची प्रश्नचिन्हं होतात. आणि ‘फायनल’, ‘फायनल_खरं’, ‘फायनल_शेवटचं’ असली नावं नकोत. तारीख आणि आवृत्तीचा आकडा लिहिला की ‘कोणता कट पाहिला होता?’ हा वाद होत नाही.

प्रॉक्सी आणि फ्रेम रेट

मशीन अडखळत असेल तर प्रॉक्सी, म्हणजे फुटेजच्या हलक्या प्रती, बनवा. १०८०पी मध्ये प्रोरेस प्रॉक्सी २५ फ्रेमला तासाला साधारण १७ जीबी घेते. साधा लॅपटॉपही ती सहज पळवतो. एडिट प्रॉक्सीवर, एक्स्पोर्टच्या आधी मूळ फुटेजवर परत. हे परत येणं शूटिंगच्या आधीच एका छोट्या क्लिपवर करून बघा. बहुतेक वेळा ते अडतं ते प्रॉक्सीचं नाव बदललं म्हणून, किंवा मूळ क्लिपमध्ये दोनऐवजी चार ऑडिओ चॅनल होते आणि प्रॉक्सीत दोनच आले म्हणून.

प्रोजेक्टचा फ्रेम रेट पहिली क्लिप टाकण्याआधी ठरवायचा. थिएटरसाठी २४. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइटखाली २५ फ्रेम आणि १/५० शटरवर चित्र लुकलुकत नाही. टीव्ही आणि यूट्यूबला २५ चालतं. पण २५ वर शूट केलेली फिल्म २४ च्या थिएटर प्रतीत नेताना ४ टक्के संथ करावी लागते आणि आवाजाचा सूर सावरावा लागतो. २४ आणि २३.९७६ यांची सरमिसळ तर जास्तच फसवी. फरक दिसत नाही, पण तासाला ३.६ सेकंदांनी आवाज सरकतो. रेकॉर्डरवाला आणि कॅमेरावाला दोघांना हा आकडा लेखी कळवा.

मोबाइलवर शूट केलेलं फुटेज हा वेगळा ताप. बरेच फोन प्रकाशानुसार फ्रेम रेट कमी-जास्त करतात. सुरुवातीला ओठ जुळतात, दहा मिनिटांनी सुटतात. अशा क्लिपा टाइमलाइनवर घेण्याआधी हँडब्रेकसारख्या फुकट साधनातून ‘कॉन्स्टंट फ्रेम रेट’वर बदलून घ्या.

आवाज जुळवणं

क्लॅपची पाटी बंद होते ती पहिली फ्रेम आणि आवाजाच्या लाटेतलं पहिलं टोक, हे दोन एकमेकांखाली आणायचे. सॉफ्टवेअर लाटा बघून आपोआप जुळवतं, तरी प्रत्येक क्लिपचे ओठ बघायचेच. गर्दीत किंवा बँडच्या आवाजात ते हमखास चुकतं. २५ फ्रेमला एक फ्रेम म्हणजे ४० मिलिसेकंद. आवाज चित्राच्या पुढं गेला तर साधारण ४५ मिलिसेकंदांवरच लोकांना खटकायला लागतं. मागं राहिला तर १२५ पर्यंत चालून जातं. म्हणून शंका असेल तिथं आवाज अर्धी फ्रेम मागं राहू द्या, पुढं नको.

स्वस्त रेकॉर्डर आणि कॅमेरा यांची घड्याळं तंतोतंत नसतात. लांब मुलाखतीत किंवा मंगलाष्टकांपासून सप्तपदीपर्यंतच्या सलग रेकॉर्डिंगमध्ये सुरुवात जुळलेली असते आणि शेवट एक-दोन फ्रेम सुटलेला असतो. दर दहा मिनिटांनी तपासा आणि एखाद्या शांत जागी आवाज कापून सरकवा. संपूर्ण आवाज ताणत बसू नका.

कापणं

सीन जोडण्याआधी त्यातले सगळे टेक बघायचे. ‘ओके’ लिहिलेलाच नाही, सगळे. बघताना एका कागदावर टेकचा नंबर आणि जे पहिल्यांदा जाणवलं ते लिहा: ‘टेक ३, वळताना डोळे छान’, ‘टेक ५, वाक्य अडखळलं पण खरं वाटतं’. पहिल्यांदा बघताना तुम्ही प्रेक्षक असता, विसाव्यांदा नसता. त्यामुळे हा कागद शेवटपर्यंत जपून ठेवा.

एक सीन घेऊ. टपरीवर दोन मित्र तर्री-पोहे खात उभे आहेत. एक म्हणतो, ‘मी पुण्याले चाललो. परवा.’ दुसरा म्हणतो, ‘बरं.’ तीन शॉट आहेत: दोघांचा एकत्र, पहिल्याचा क्लोज, दुसऱ्याचा क्लोज.

नवा एडिटर जो बोलतो त्याच्यावर कट करतो. पहिला बोलला की पहिला, दुसरा बोलला की दुसरा. माहिती पोचते, सीन पोचत नाही. खरी बातमी दुसऱ्याच्या चेहऱ्यावर घडते आहे. म्हणून ‘मी पुण्याले चाललो’ एकत्र शॉटवर ठेवा. ‘चाललो’ संपता संपता दुसऱ्याच्या क्लोजवर जा आणि ‘परवा’ हा शब्द त्याच्या चेहऱ्यावर ऐकू द्या. चमचा तोंडाशी थांबतो. आता किती वेळ थांबायचं? २४ फ्रेम ठेवून बघा, मग ३६, मग १२. बारावर दुसरा बेफिकीर वाटतो, छत्तीसवर दुखावलेला. अभिनय तोच, टेक तोच. पटकथेत तो कोण आहे त्यावर आकडा ठरतो. ‘बरं’ झाल्यावर पहिल्याच्या क्लोजवर जायचं की नाही हा दुसरा प्रश्न. बहुतेक वेळा एकत्र शॉटवर परतलेलं बरं, कारण आता त्या दोघांमधली रिकामी जागा दिसायला हवी.

आवाज आधी आणि चित्र नंतर, किंवा उलट, याला जे-कट आणि एल-कट म्हणतात. संवादाच्या सीनमध्ये चित्र आणि आवाज एकाच फ्रेमवर कापलेले असतील तर समजा अजून काम संपलेलं नाही.

आता सातत्य. एकत्र शॉटमध्ये प्लेट अर्धी, क्लोजमध्ये तर्री काठोकाठ. हे शूटिंगवरच चुकलेलं असतं, शिव्या एडिटर खातो. उपाय दोन-तीन आहेत. प्लेट फ्रेमबाहेर राहील अशी जागा निवडा, किंवा क्लोज किंचित मोठा करा (१० टक्क्यांपर्यंत चालतं, पुढं चित्र फुटतं). नाहीतर हालचालीवर कट करा: एकत्र शॉटमध्ये चमचा उचलायला सुरुवात झाली, क्लोजमध्ये तो अर्ध्या वाटेवर आहे, तिथं कापलं की नजर हालचालीमागं जाते आणि प्लेट कुणी बघत नाही. अभिनय चांगला आणि प्लेट चुकलेली, किंवा प्लेट बरोबर आणि अभिनय थंड, अशी निवड आली तर अभिनय घ्या.

कटची जागा पक्की आहे का हे तपासायची एक जुनी रीत आहे. शॉट सुरुवातीपासून चालू द्या आणि जिथं ‘आता’ वाटेल तिथं मार्क करा. मार्क न बघता पुन्हा, मग तिसऱ्यांदा. तिन्ही मार्क दोन-तीन फ्रेमांच्या आत आले तर जागा बरोबर. पांगले तर त्या शॉटचं सीनमध्ये काय काम आहे हेच तुम्हाला अजून ठरवता आलेलं नाही.

विदर्भातल्या माणसाचा एक फायदा इथं सांगायला हवा. मुलाखतींच्या कामात बोली कळणारा एडिटर सोन्यासारखा. वऱ्हाडी किंवा झाडी बोलीतलं वाक्य बऱ्याचदा क्रियापदावर संपत नाही. ‘पाऊस येऊन राहिला नं बाप्पा’ यातलं ‘नं बाप्पा’ बाहेरचा एडिटर फालतू समजून उडवतो, आणि माणूस वाक्य अर्धवट टाकून गप्प झाल्यासारखा वाटतो. ते शेपूट ठेवा, त्यानंतरचा श्वासही ठेवा.

पहिली जोडणी लांबच होते. पंधरा मिनिटांच्या शॉर्टफिल्मची बावीस-पंचवीस मिनिटं झाली तर घाबरू नका. आधी सीन काढून बघा, मग सीनची सुरुवात आणि शेवट छाटा, आणि फ्रेम-फ्रेम खेळणं सगळ्यात शेवटी. उलट्या क्रमानं गेलात तर दोन रात्री घासलेला सीन तिसऱ्या दिवशी फेकावा लागतो, आणि जीव अडकल्यामुळं तो फेकलाही जात नाही.

पातळी, गाणी, अक्षरं

डायलॉगची शिखरं –१२ ते –६ डीबीच्या दरम्यान ठेवा. यूट्यूब आवाज साधारण –१४ लफ्सवर (सरासरी मोठेपणाचं माप) आणतं. त्याहून मोठा दिला तर ते खाली करतं, म्हणून ओरडून फायदा नाही. शूटिंगवाल्यांना प्रत्येक जागी ३० सेकंद नुसती शांतता रेकॉर्ड करायला सांगा. डायलॉगमधली भोकं भरायला तीच लागते. लाइटीच्या वायरीचा गुणगुणाट ५० आणि १०० हर्ट्झवर असतो, तो कापता येतो. मे महिन्यातल्या मुलाखतीत घुसलेला कूलर मात्र पूर्ण जात नाही. शूटच्या आदल्या दिवशी फोन करून ‘कूलर बंद ठेवा’ सांगणं कोणत्याही प्लगइनपेक्षा स्वस्त पडतं.

फिल्मी गाणं लग्नाच्या व्हिडिओत घातलं आणि यूट्यूबवर टाकलं तर हक्काचा दावा येतो. शॉर्टफिल्म फेस्टिव्हलला पाठवायची असेल तर परवाना नसलेलं गाणं तात्पुरतंही लावू नका. दिग्दर्शकाला त्याची सवय होते आणि नंतर कुठलंच संगीत त्याला पटत नाही.

मराठी नावं आणि सबटायटल लिहिताना वेलांटी भलत्याच अक्षरावर आणि जोडाक्षरं फुटलेली दिसली तर प्रीमियरच्या प्राधान्यांत ग्राफिक्सखाली टेक्स्ट इंजिन बदलून दक्षिण आशियाई आणि मध्यपूर्व हा पर्याय घ्या आणि प्रोग्राम पुन्हा उघडा. फॉन्ट युनिकोडच वापरा: मुक्ता, बालू, नोटो. पत्रिकेच्या डीटीपीवाल्यानं जुन्या फॉन्टमध्ये दिलेला मजकूर दुसऱ्या मशीनवर कचरा होतो.

लॉक आणि पुढची पाठवणी

पिक्चर लॉक म्हणजे आता एकही फ्रेम हलणार नाही. तो लेखी घ्या, मेसेज असला तरी चालेल. लॉकनंतर एक फ्रेम काढली की साउंड, संगीत आणि सबटायटल त्या जागेपासून पुढं सगळं सरकतं.

साउंडवाल्याला एएएफ फाइल (टाइमलाइनवरचे आवाजाचे तुकडे जागच्या जागी नेणारी) द्यायची, प्रत्येक क्लिपच्या दोन्ही बाजूंना किमान दोन सेकंदांची हँडल, म्हणजे कापलेला जास्तीचा आवाज, ठेवून, आणि सोबत टाइमकोड छापलेला संदर्भ व्हिडिओ. चित्र सुरू व्हायच्या बरोबर दोन सेकंद आधी, म्हणजे २४ फ्रेमला ४८ फ्रेम आधी, एक फ्रेमचा १ किलोहर्ट्झचा टोन ठेवतात, त्याला टू-पॉप म्हणतात. साउंड परत आला की तो टोन चित्रातल्या ‘२’ वर बसतो का एवढं बघितलं की जुळणी कळते. रंगासाठी एक्सएमएल किंवा ईडीएल, म्हणजे कटची यादी असलेली फाइल. पाठवण्याआधी चित्राचे थर शक्य तितके एका ट्रॅकवर आणा, नेस्ट केलेल्या (एकात एक गुंडाळलेल्या) क्लिपा उघडा, आणि वेग बदललेल्या किंवा मोठ्या केलेल्या शॉट्सची यादी हातानं लिहून जोडा. संगणक हे नेमकं अर्धवट पोचवतो.

थिएटरची प्रत डीसीपी असते: २के फ्लॅट १९९८×१०८०, जास्त रुंद चित्राची स्कोप २०४८×८५८. डीसीपी-ओ-मॅटिक या फुकट साधनानं ती घरी बनते. पण प्रीमियरच्या आधी एखाद्या थिएटरच्या सकाळच्या रिकाम्या वेळेत लावून बघितल्याशिवाय ती देऊ नका.

हात कशावर बसवायचा

घरच्या क्लिपांचे मोंताज करून फार काही येत नाही. नागपुरात सरावाला खरी सामग्री आहे. तान्ह्या पोळ्याच्या दिवशी निघणारी मारबत घ्या: काळी आणि पिवळी मारबत आणि बडगे (मिरवले जाणारे पुतळे), इतवारी-महालातली गर्दी, ‘घेऊन जा गे मारबत’च्या आरोळ्या. दोन मित्रांना कॅमेरे घेऊन पाठवा आणि तीन मिनिटांची फिल्म कापा, निवेदनाशिवाय. इथं सगळ्यात आधी दिशा बिघडते. मिरवणूक एका शॉटमध्ये डावीकडून उजवीकडे आणि पुढच्यात उलटी जाते, आणि ती परत फिरल्यासारखी दिसते. मध्ये समोरून येणारा शॉट किंवा गच्चीवरचा चेहरा टाकला की दिशा बदलता येते. हा धडा लक्षात राहतो तो अशा फुटेजवरच.

पैशाचं काम इथं लग्नांचं, क्लासेसच्या लेक्चर्सचं, यूट्यूब चॅनलचं, मिहान, हिंगणा आणि बुटीबोरीतल्या कंपन्यांच्या फिल्म्सचं, पेंच-ताडोबाच्या जंगल व्हिडिओंचं. लग्नाच्या कामाला नाक मुरडू नका. तीन कॅमेरे, रिटेक नाही, आणि आत्या एकाही शॉटमध्ये दिसली नाही तर फोन येणारच; फुटेज सांभाळायची तालीम याहून चांगली नाही. फक्त त्याच्या सवयी, म्हणजे प्रत्येक कटला ट्रान्झिशन आणि प्रत्येक हसण्याला स्लो मोशन, फिल्मच्या टेबलावर आणू नका.

शिक्षण आणि मुंबई

पुण्याची फिल्म संस्था एफटीआयआय (स्थापना १९६०) आणि कोलकात्याची सत्यजित राय संस्था (स्थापना १९९५) या दोन्हींत एडिटिंगचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. पदवी लागते आणि प्रवेश परीक्षा असते. हिंदी सिनेमातल्या नावाजलेल्या एडिटर रेणू सलुजा एफटीआयआयच्याच. नागपूर विद्यापीठात जनसंवाद विभाग आहे, तिथं माध्यमांची ओळख होते, पण एडिटिंगचा हात स्वतःच तयार करावा लागतो. संस्थेचा मोठा फायदा म्हणजे तीन वर्षं रोज फिल्म्स बघायला आणि त्यावर भांडायला मिळणारी माणसं. ते परवडत असेल तर जरूर प्रयत्न करा. नसेल तर असिस्टंट म्हणून शिरणं हा तितकाच रुळलेला रस्ता आहे.

त्यासाठी शोरील (निवडक कामाची झलक) दीड मिनिटाच्या आत ठेवा, आणि त्यासोबत दोन पूर्ण सीन: एक संवादाचा, एक बिनसंवादाचा. एडिटर शोरीलमधले झगमगते तुकडे बघत नाही, सीन बघतो. मेसेज चार ओळींचा लिहा: ‘सर (किंवा मॅडम), मी नागपूरचा. दोन शॉर्टफिल्म्सचं सिंक, प्रॉक्सी आणि साउंड-डीआय टर्नओव्हर केलं आहे. अ‍ॅव्हिड आणि रिझॉल्व्ह येतं. अमुक तारखेपासून मुंबईत आहे.’ खाली लिंक. ‘मला संधी द्या’ असं लिहिलं नाही तरी चालतं. फीचर सुरू व्हायच्या वेळी असिस्टंट लागतात तेव्हा नेमकी ही टर्नओव्हरची, म्हणजे साउंड आणि रंगाच्या कामाकडे (डीआय) पाठवणीची, ओळ नजरेत भरते.

विदर्भ एक्स्प्रेस किंवा दुरांतोनं संध्याकाळी-रात्री बसून सकाळी सीएसएमटीला उतरता येतं, म्हणून आधी दोन-तीन दिवसांच्या भेटीगाठी करून या. बरीच ऑफिसं अंधेरी पश्चिम ते गोरेगाव पट्ट्यात आहेत. बोलावणं आल्यावरच राहायला जा, आणि सहा महिन्यांचं खोलीभाडं हाताशी ठेवून जा. पहिली नोकरी रात्रपाळीची असू शकते: दिवसा एडिटर बसतो, रात्री असिस्टंट फुटेज लावतो. तिथं एडिट न करता एडिटरचे कट रोज बघायला मिळतात. कालची आणि आजची आवृत्ती शेजारी लावून काय बदललं ते बघा.

पैसे

दर मिनिटाला सांगू नका. पाच मिनिटांची फिल्म दोन तासांच्या फुटेजमधून निघते की चाळीस तासांच्या, यावर काम ठरतं. दिवस मोजा, दिवसाचा दर लावा, ड्राइव्हचा खर्च वेगळा. दुरुस्त्यांच्या दोन फेऱ्या त्यात धरा, तिसरीपासून वेगळे पैसे, आणि सूचना एकाच माणसाकडून, एकत्र, टाइमकोडसह घ्या. नवऱ्यामुलाचे वडील, काका आणि फोटोग्राफर तिघं वेगवेगळे मेसेज पाठवतात तेव्हा फेऱ्या मोजताच येत नाहीत. निम्मे आगाऊ, पाव रफ कटला, पाव अंतिम फाइल देण्याआधी. तोवर वॉटरमार्क असलेली प्रत दाखवा.

फिल्म एडिटरचं काम प्राप्तिकरात व्यावसायिक सेवेत धरलं जातं. कंपनीकडून येणाऱ्या पैशातून सहसा १० टक्के टीडीएस कापला जातो, पॅन दिला नाही तर २०. कापलेला पैसा तुमच्याच नावावर जमा असतो; विवरणपत्र भरलं की कर लागत नसल्यास परत मिळतो. सुरुवातीचे बरेच जण विवरणपत्रच भरत नाहीत आणि ते सोडून देतात. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते.

बिलावर एक ओळ नेहमी छापा: फुटेज अंतिम प्रतीनंतर तीन महिने ठेवलं जाईल. मुदत संपण्याआधी आठवडाभर ग्राहकाला मेसेज करा. तो ड्राइव्ह घेऊन आला की समोर बसवून चार क्लिपा उघडून दाखवा, ‘मिळालं’ असं त्याच्याकडून लिहून घ्या, आणि मगच आपली प्रत पुसा.